टोळीचा मेंदू

५ जानेवारी २००४, सोमवार. सकाळी ९.४०
नवी वही. पानांना आकडे घातले. एकूण १९१ पानं. शेवटचं एक फाटकं निघालं, ते धरलेलं नाही.

कॉलेजचं पत्र आलं. मागच्या सत्रात मी तीन विषय सोडले. (सोडले. नापास झालो नाही. हा फरक दादाला समजत नाही.) म्हणून १३ मार्चला इंग्रजीची परीक्षा द्यायची. ऐकणं आणि लिहिणं, दोन्हींत सत्तर हवेत. नाही पडले तर प्रवेश रद्द, आणि प्रवेश गेला की व्हिसाही गेला.

दादा म्हणाला, पास झालास तर इथे अमेरिकेत राहा आणि हवं तेवढं शीक. नाही झालास तर एप्रिलमध्ये नाशिक. तिकडचा डिप्लोमा अर्धा टाकून आलास, इकडचं अर्धं टाकून जा, दोन्ही जोडून एक होतंय का बघ. दादाच्या विनोदांना मी हसत नाही. सॉफ्टवेअरवाल्यांना उत्तेजन देऊ नये.

६८ दिवस आहेत. पुष्कळ झाले. दादाने तयारीचं पुस्तक आणि सहा सीडी आणून ठेवल्या. पहिल्या सीडीत एक बाई दुसऱ्या बाईला पोस्ट ऑफिस कुठे आहे ते विचारते. मला माहीत आहे पोस्ट ऑफिस कुठे आहे. सीडी परत डब्यात.

६ जानेवारी. दुपारी २.१५
पद्धत ठरली. चांगलं इंग्रजी शिकायचं तर जुन्या सिनेमातून. पिस्कॅटवेच्या लायब्ररीत चालत गेलो. कान बधिर. तिथल्या बाईंनी मला 'नव्याने आलेल्यांसाठी' असं एक कपाट दाखवलं. त्यांना सांगितलं, मी नव्याने आलेलो नाही, मला पाच महिने झाले.

'द फिफ्थ प्लेट' आणला. १९४८, काळा-पांढरा, ८८ मिनिटं. गुंड आणि त्यांचं कुटुंब. खाली अक्षरं येण्याची सोय नाही. बरंच आहे, अक्षरं दुबळ्यांसाठी असतात.

रोज २५ वाक्यं लिहायची, पाठ करायची. उद्यापासून परीक्षेच्या आदल्या दिवसापर्यंत ६६ दिवस, म्हणजे १६५० वाक्यं. एवढी वाक्यं दादालासुद्धा येत नसतील.

७ जानेवारी. सकाळी ११.३०
पहिल्यांदा पाहिला. एकट्याने पाहता आला नाही. वहिनीचे वडील, त्र्यंबककाका, डिसेंबरात सहा महिन्यांसाठी आले आहेत. साताऱ्याच्या कोर्टात कारकून की कायसे होते. दिवसभर दादा-वहिनी ऑफिसात, पुतणी स्वानंदी (वय आठ) शाळेत. घरात मी आणि काका. स्वेटरवर स्वेटर, त्यावर कानटोपी, सोफ्याचा डावा कोपरा. बोलणं कमी. मला 'नंदकुमारराव' म्हणतात आणि अहोजाहो करतात. नाशकात मला कोणी राव म्हटलेलं आठवत नाही. माणसं ओळखणारा गृहस्थ आहे.

गोष्ट अशी. बंदराजवळ कॉस्टिगन नावाच्या विधवेची लाँड्री. तीन मुलगे, फ्रँक, रे आणि लिओ. लाँड्री नावाला, खरा धंदा गोदीतला माल पळवण्याचा. दर शनिवारी सगळे एकत्र जेवतात. एकदा फरकोटांचा ट्रक पळवतात, पोलिस मागे लागतात, फ्रँक तुरुंगात जातो.

फ्रँक तोंडातल्या तोंडात बोलतो, तेही कॅमेऱ्याकडे पाठ करून. असा माणूस टोळी काय चालवणार. रे फक्त खातो. धाकटा लिओ पांढरी हॅट घालतो आणि मोठ्याने, सुटं सुटं बोलतो. त्याचं जवळजवळ निम्मं समजलं. उघड आहे, लिओ हाच टोळीचा मेंदू.

काकांनी विचारलं, काय म्हणतायत हो हे? सगळं समजावून सांगितलं. म्हणाले, "असं होय. तुम्ही म्हणता म्हणजे तसंच असणार." सिनेमा चालू असताना स्वतःच्या वहीत आडव्यातिडव्या रेघोट्या मारत बसतात. वयाचा परिणाम. वहिनीला सांगायला हवं, पण हळुवारपणे.

वाक्यं: ४.

१४ जानेवारी. दुपारी ३.५५
तिसऱ्यांदा पाहिला. या टोळीचा कारभार इतका गलथान आहे की मला झोप लागेना. ट्रकच्या प्रसंगात रे सहा गोळ्यांच्या पिस्तुलातून नऊ गोळ्या झाडतो. मी चार वेळा मोजल्या. कोणी पहारा ठेवत नाही, कोणी यादी करत नाही. आमच्या गल्लीतलं गणेश मंडळ यापेक्षा शिस्तीत चालतं. एकटा लिओ काय तो डोकं वापरतो. स्टिअरिंगमागे बसल्यावर आधी आरशात हॅट सरळ करतो.

स्वानंदी शाळेतून येऊन सोफ्यावर उभी राहिली. मी काकांना सांगत होतो की आई फ्रँकवर चिडली आहे. ती म्हणाली, "दॅट्स नॉट व्हॉट शी सेड." मी म्हटलं, हे जुनं इंग्रजी आहे, तुझ्या शाळेत शिकवत नाहीत. काकांनी तिला सीताफळाच्या गोळ्या दिल्या आणि आत पाठवलं. मुलांना वळण नाही.

वाक्यं: एकूण ९. पण एकही स्पेलिंग चुकलेलं नाही.

२२ जानेवारी. सकाळी १०.२०
बर्फ. दादाने फावडं दिलं. बर्फ काढून हात थरथरतात, अक्षर बिघडतं, म्हणून लेखन बंद. वेळापत्रक सुधारलं, रोज ३० वाक्यं. आकडा मोठा असला की माणूस कामाला लागतो.

वहिनी म्हणाली, भावजी, सीडी ऐकल्या का? म्हटलं, त्यांच्या पुढे गेलोय. तिने वाण्याच्या यादीत ब्रोकोलीचं स्पेलिंग चुकवलं होतं. लाल पेनाने दुरुस्त करून दिलं. आभार मानले नाहीत. एमसीए झालेली बाई.

डीव्हीडीची मुदत वाढवली.

३ फेब्रुवारी. दुपारी १.०५
काका आज आपणहून बोलले. म्हणाले, नंदकुमारराव, गैर नसेल तर एक सुचवू का. रोज अर्धा तास मी इंग्रजी वाचतो, तुम्ही ऐकून लिहा. कानाला सवय होते. आम्ही उमेदवारीत असंच करायचो.

साताऱ्याच्या कारकुनाकडून मी इंग्रजी ऐकायचं. हसू आलं, पण दाखवलं नाही. म्हटलं, काका, तुम्हाला कशाला त्रास. ते लगेच "बरं बरं, राहिलं" म्हणाले आणि माझ्यासाठी चहा टाकायला उठले. मुलीच्या सासरच्या माणसाला काय पटतं, काय नाही, याचा त्यांना फार विचार असतो. जुन्या लोकांचा हा एक गुण.

सिनेमा आता सात वेळा पाहिला. काकांना लिओचा डाव नीट उलगडून सांगितला. फ्रँकला तुरुंगात कोणी घालवलं? लिओने. का? टेबलाच्या टोकाची खुर्ची हवी होती म्हणून. शेवटच्या प्रसंगात तोच तिथे बसलेला असतो, आई त्याला आधी वाढते. काकांनी वहीचं पान उलटलं. मग म्हणाले, "तुम्ही फार बारकाईने पाहता." इतक्या वर्षांत हे पहिल्यांदा कोणाच्या तरी लक्षात आलं.

११ फेब्रुवारी
सर्दी. वाक्यं: एकूण २३.
सर्दीत कान बंद असतात, त्यामुळे ऐकण्याचा सराव करणं अशास्त्रीय.

२१ फेब्रुवारी, शनिवार. दुपारी ४.४५
जेवायला दादाचे मित्र होते, सत्यजित आणि त्याची बायको सावनी. सत्यजित नागपूरचा, इथे विद्यापीठात पीएच.डी. करतो, सहावं वर्ष. ज्याला एक पदवी सहा वर्षं पुरते त्याच्या बुद्धीबद्दल काय लिहायचं. दादाने सगळ्यांसमोर विचारलं, अभ्यास कुठवर आलाय? मी ठरवलं, एकदा यांना कळू दे. डीव्हीडी लावली. बासुंदी होईपर्यंत मी सबंध गोष्ट सांगितली, लिओच्या डावासकट.

सत्यजित म्हणाला, "यार नंदू, मला तर हा लिओ बावळट वाटतोय." मी म्हटलं, तसं वाटावं अशीच लिओची योजना आहे.

मग तुरुंगाच्या जाळीपलीकडून फ्रँक आईशी बोलतो तो प्रसंग. फ्रँकची कॅमेऱ्याकडे पाठ. सत्यजितने तो तीनदा मागे नेला, त्यालाही कळेना. सावनीलाही नाही. मी म्हटलं, अर्थ सोपा आहे, फ्रँक म्हणतोय की लिओने मला फसवलं. दादा म्हणाला, "कशावरून?" मी म्हटलं, संदर्भावरून.

तेवढ्यात स्वानंदी म्हणाली, "आजोबा हॅज इट रिटन डाउन."

काकांनी वही मांडीखाली सरकवली. म्हणाले, छे छे, त्यात काय, वेळ जात नाही म्हणून. वहिनी हसायला लागली. म्हणाली, बाबा, अजून शॉर्टहँड घेता? मग सगळ्यांना सांगू लागली की बाबा कोर्टात एकतीस वर्षं इंग्रजी स्टेनो होते, मिनिटाला दीडशे शब्द, मुंबईचे वकीलसुद्धा आपलं बोलणं नीट उतरेल म्हणून बाबांनाच मागायचे. म्हणजे त्या रेघोट्या. मला कोणी हे सांगितलं नव्हतं. ही घरातली माहिती आहे, ती घरात सर्वांना असायला हवी.

सगळे म्हणाले, वाचा. काका माझ्याकडे बघत होते. म्हणाले, नंदकुमाररावांनी सांगितलंय की. दादा म्हणाला, बाबा, वाचा हो.

काकांनी चष्मा लावला आणि अजिबात न अडखळता, कोर्टात वाचतात तसं वाचलं. आई विचारते, हू टेल्स लिओ? फ्रँक म्हणतो, नोबडी टेल्स लिओ. लेट हिम थिंक ही ड्रोव्ह द ट्रक.

सावनीने विचारलं, म्हणजे काय झालं नेमकं? काका खाली बघून हळू म्हणाले, "ट्रक बंद पाडून लिओ घाबरून बेशुद्ध पडला होता. फ्रँकने त्याला बाजूला सारून चालवला आणि गुन्हाही अंगावर घेतला. आईला तो सांगतो, लिओला कळू देऊ नका. ट्रक आपणच चालवला असं वाटू दे त्याला."

रे पडद्यावर खात होता.

मग काका घाईने म्हणाले, अर्थात नंदकुमारराव म्हणतात तसाही अर्थ लागू शकतो. साक्षीचे दोन अर्थ नेहमी निघतात.

बासुंदी पातळ होती.

२२ फेब्रुवारी. दुपारी ३.१०
शांतपणे विचार केला. शॉर्टहँड म्हणजे वेगाने लिहिणं. समजणं ही वेगळी गोष्ट. नळसुद्धा वेगाने वाहतो. शिवाय सिनेमा लिहिणाऱ्याचीच चूक असू शकते. रे नऊ गोळ्या झाडतो तिथेच कळतं की यांचं कशावरच लक्ष नव्हतं. पटकथा माझ्या हातात असती तर लिओच मेंदू असता. सिनेमाही बरा झाला असता.

सत्यजित बायकोसह निघताना म्हणाला, ऑल द बेस्ट यार. वाईट शब्द वापरायची मला सवय नाही.

डीव्हीडी परत केली. लायब्ररीच्या बाईंनी विचारलं, आवडला का? म्हटलं, सुमार.

१ मार्च, सोमवार. दुपारी १२.३०
१२ दिवस. काकांचा हिरमोड नको म्हणून त्यांना वाचायला परवानगी दिली. त्यांनी वर्तमानपत्र घेतलं. म्हणाले, सावकाश वाचतो, मिनिटाला चाळीस. मी पहिलं वाक्य पूर्ण लिहिलं. दुसऱ्याचा शेवट. तिसरं माझ्या मते त्यांनी वाचलंच नाही. ते म्हणाले, छान, पुन्हा घेऊ. पुन्हा घेतलं. म्हणाले, स्पेलिंग तुमचं निर्दोष आहे हो. ते मला माहीत आहे.

३ मार्च
डिक्टेशन थांबवलं. काकांचे उच्चार कोर्टातले आहेत, परीक्षेत अमेरिकन असणार. चुकीची सवय लागायची. काकांना तसं सांगितलं. म्हणाले, बरोबर आहे तुमचं. मग म्हणाले, त्या सहा सीडी आहेत ना, त्या आपण दोघं ऐकू या का, मला एकट्याला समजत नाहीत. बघा. दीडशे शब्दांचा माणूस आणि पोस्ट ऑफिस समजत नाही. मी म्हटलं, तुम्ही ऐका, अडलं तर विचारा. विचारलं नाही. खोलीत एकटेच लावून बसतात, दार उघडं ठेवतात आणि आवाज फार मोठा करतात. मला दार लावून घ्यावं लागतं.

८ मार्च. सकाळी ९.००
तयारी: पेन्सिली सहा, टोक काढलेल्या. खोडरबर दोन. बस किती वाजता ते पाहिलं, दोनदा जाऊन आलो, एकदा १९ मिनिटं, एकदा २२. वर्गाची खोली बाहेरून पाहिली. खिडकीजवळची जागा घ्यायची. एवढ्या तयारीने कोणीही गेलं नसेल.

१३ मार्च, शनिवार. दुपारी २.५०
परीक्षा झाली. लिहिणं उत्तम.

ऐकणं. हेडफोन घालायचा. एक माणूस घरमालकाला सांगतो की हीटर बंद आहे. घरमालक काय म्हणतो ते मला सांगता येणार नाही, कारण तो खोकत होता. असली माणसं परीक्षेला का घेतात. मग दोन मुली कुठल्या तरी बसबद्दल बोलल्या. खूप हसल्या. हसण्यावर प्रश्न नव्हता. एक व्याख्यान होतं, मधमाश्यांवर किंवा करांवर.

माझ्या शेजारी चिनी आजोबा. पेन्सिल एकच, तीही कुरतडलेली. भराभर खुणा करत होते. अंदाजाने करत असणार, मला दया आली.

एकूण अंदाज: लिहिणं ९०, ऐकणं ७५. फार तर ७२.

२४ मार्च. दुपारी १२.१०
लिहिणं ९१. ऐकणं ३४.

यंत्रात दोष. तक्रारीचा मसुदा केला, दोन पानं, एकही खाडाखोड नाही.

संध्याकाळी ६.३०
दादाने पत्र वाचलं. ओरडेल वाटलं होतं, उत्तरंही तयार होती, अकरा. तो ओरडलाच नाही. बूट काढत होता, एक बूट हातात धरून बसून राहिला. म्हणाला, "मी घरी काय सांगू, नंदू?" हा प्रश्न माझ्या यादीत नव्हता.

२५ मार्च. सकाळी १०.००
कॉलेजने फोनवर सांगितलं, निकाल अंतिम. बाई फार भरभर बोलत होत्या. मी फोन काकांना दिला. त्यांनी सगळं लिहून घेतलं, मराठीत सांगितलं. तारखा, कागद, कुठे सही. शेवटी म्हणाले, "त्यांची पद्धतच भरभर बोलायची. तुमचा दोष नाही."

२७ मार्च, शनिवार. सकाळी ११.१५
परिस्थिती बदलली आहे. काका सकाळी माझ्या खोलीत आले, कानटोपी हातात घेऊन. म्हणाले, मला इथली थंडी मानवत नाही, एप्रिलमध्येच परत जावं म्हणतो. पण विमान बदलायचं, फॉर्म भरायचे, एकट्याने धीर होत नाही. तुम्ही सोबत कराल का? अगदी घरापर्यंत नको, नाशिकपर्यंत. मी तुमच्याबरोबर येतो, तुमच्या वडिलांना भेटतो आणि मग साताऱ्याला जातो.

नाशिक साताऱ्याच्या वाटेवर नाही. वय झालं की दिशांचा गोंधळ होतो.

विचार करून हो म्हटलं. मी राहिलो असतो. तक्रारीत दम होता. पण म्हाताऱ्या माणसाला अर्ध्या जगातून एकटं पाठवणं मला जमणार नाही. वडिलांना आजच पत्र लिहितो की त्र्यंबककाकांना पोहोचवायला येत आहे. शिक्षणाचं कारण वर नको. तिसऱ्या परिच्छेदात.

१७ एप्रिल, शनिवार. संध्याकाळी ६.०५, विमानतळ
गेटजवळ. काकांनी माझे दोन्ही फॉर्म भरून ठेवले आहेत. मी तपासले, चूक सापडली नाही. आता ते झोपले आहेत. थंडी मानवत नाही म्हणणाऱ्या माणसाने कानटोपी सामानात टाकली आहे आणि आज बाहेर सत्तर अंश (फॅरनहाइट) आहे.

दुपारची एक गोष्ट नोंदवायची राहिली. मी बॅगांना नावाच्या चिठ्ठ्या लावत होतो, घराच्या मागच्या बाजूला. गाडीपाशी वहिनी रडत होती. तिचं म्हणणं, बारा जूनपर्यंत राहणार होतात, स्वानंदीचा वाढदिवससुद्धा चुकवताय, सात वर्षांनी आलात आणि निघालात. दादा म्हणाला, बाबा, त्याच्यासाठी तुम्ही कशाला. मी बोलतो घरी.

तेव्हा काका दादाला म्हणाले, "अनिलराव, तो मुलगा एकटा दारात जाऊन उभा राहिला तर नापास होऊन आला असं होईल. मी बरोबर असलो तर मला पोहोचवायला आला असं होईल. एवढंच. त्याला बोलू नका कोणी."

'तो मुलगा' म्हणाले. 'त्याला' म्हणाले. माझ्याशी बोलताना कधी म्हणत नाहीत.

मी चिठ्ठ्या लावत राहिलो. एका बॅगेला दोन लागल्या.

आता पुन्हा विचार करता, अंतर बरंच होतं, वहिनीचं रडणंही मध्ये होतं. ते नक्की असंच बोलले असं छातीठोक सांगता येणार नाही. मराठीत बोलत होते हे खरं. पण ऐकण्यात मला चौतीस आहेत.